दोरी तळाला टेकली का?

आमच्या दुसऱ्या टाकीत या आठवड्यात पुन्हा नळी सोडायची आहे. सगळी तयारी झाली आहे आणि मला काही केल्या एका जागी बसवत नाही. खुर्चीतून उठते, खिडकीपर्यंत जाते, चहा मागवते आणि अर्धा कप तिथेच खिडकीत ठेवून परत येते. काल कपाटावर विसरलेला असाच एक कप सापडला, तेव्हा आमचा शिपाई म्हणाला, "मॅडम, सूर्यवंशी साहेब आले की काय तुमच्या अंगात?" मी हसले आणि कप त्याच्या हातात दिला.

गौतम सूर्यवंशी सर वारले, त्याला आता वर्ष होईल.

आमचं काम सांगायला सोपं आहे. अणुभट्टीतल्या इंधनावर प्रक्रिया केल्यावर जे किरणोत्सारी पाणी उरतं, ते जुन्या काळी जमिनीखालच्या पोलादी टाक्यांत भरून ठेवलं. त्या टाक्या आता म्हाताऱ्या झाल्या आहेत. त्यांतलं सगळं वर काढायचं आणि काचेत गोठवून टाकायचं, म्हणजे पुढे कुठे पाझरायला नको. ते कसं काढायचं याची योजना आखणारी आमची छोटीशी शाखा, आणि सर तिचे प्रमुख. केंद्र कुठलं ते सांगत नाही. समुद्राकाठी आहे, एवढं पुरे. वरून बघाल तर नुसती हिरवळ, सिमेंटची झाकणं आणि कुंपण. नव्या माणसाला वाटावं, बाग केली आहे.

सरांशी ओळख झाली ती जिन्यात. नोकरीचा पहिला दिवस होता आणि मी कोपऱ्यात उभी राहून घरी फोनवर बोलत होते, "व्हय अप्पा, जेवले. न्हाई, तरास न्हाई कसला." एक उंच, काटकुळा माणूस माझ्या बाजूने भराभर खाली गेला, थांबला आणि तेवढ्याच भराभर वर आला.

"कुठली गं तू, अक्का?"

"मादन हिप्परगा. आळंद तालुका."

"मी मन्नाएखेळ्ळीचा. बिदर जिल्हा. म्हंजे गावचीच की गं तू!"

कर्नाटकातले माझा कलबुर्गी आणि त्यांचा बिदर हे दोन जिल्हे त्यांनी तिथल्या तिथे एक करून टाकले. साहेब लोकांशी ते इंग्रजी बोलत, बाकीच्यांशी हिंदी. माझ्याशी मात्र शेवटपर्यंत घरचं बोलले. गावाहून येताना कडक भाकरी आणि शेंगाचटणीचा डबा आणत आणि अर्धा माझ्या टेबलावर ठेवून निघून जात.

निघून जात म्हणजे काय, ते कायम निघालेलेच असत. सर बसलेले मी फार कमी वेळा पाहिले. बैठक असली तर भिंतीच्या कडेने येरझारा घालत ऐकायचे. चहा उभ्यानेच, तोही अर्धा. कुठलंही झाकण दिसलं की बोटाच्या पेराने त्यावर टकटक करायचे आणि कान लावायचे. कँटीनची पाण्याची टाकी, गच्चीवरची टाकी, एकदा तर एका सहकाऱ्याच्या वास्तुशांतीला गेलो असताना त्यांनी यजमानांच्या अंगणातल्या हौदाचं झाकण वाजवलं. "निम्मा रिकामा हाय," म्हणाले आणि मग जेवायला बसले. खिशात सुतळीचं एक रीळ असे, हात-हात अंतरावर गाठी मारलेलं. कशाला ते कोणी विचारलं की म्हणायचे, "असू द्या. लागतंय."

आणि त्यांचं ते वाक्य. कोणी म्हणालं, मोजमाप घेतलं, सगळं ठीक आहे, की सर येरझारा थांबवून विचारणार, "दोरी तळाला टेकली का?" मोजमाप तापमानाचं असो की दाबाचं, प्रश्न हाच. आमच्या शाखेत त्याची थट्टा व्हायची. कोणी मुलगी बघून आला की आम्ही विचारायचो, "नीट बघितलीस ना? दोरी टेकली का?" आमचे संचालक दूर दक्षिणेकडचे. एवढ्या वर्षांत त्यांना आलेलं मराठी म्हणजे हे एकच वाक्य. तेही सरांना चिडवायला वापरायचे.

मला पहिलं काम मिळालं ते जुन्या नोंदवह्या वाचण्याचं. प्रत्येक टाकीची पातळी रोज एकदा वाचून वहीत लिहायची, असा नियम. मी वाचत गेले. एका जागी दुसऱ्या टाकीचा आकडा एक दिवस लिहिलेला आणि त्याखाली पानामागून पान 'वरच्याप्रमाणेच' असं दाखवणाऱ्या दोन छोट्या रेघा. दीड महिना तेच. आपल्याकडे कुठल्याही वहीत दिसतं हे. मी दाखवलं तसे सर भडकलेच.

"टाकी म्हंजे काय भितीवरलं कॅलेंडर हाय का, महिनाभर एकच चित्र?"

त्या रेघा ज्याने ओढल्या, तो माणूस निवृत्त होऊन दोन जिल्हे पलीकडे राहत होता. सरांनी रजा टाकली, पेढे घेतले आणि मलाही बरोबर घेतलं. दारात आम्हांला बघून त्या गृहस्थांचा चेहराच उतरला. चौकशी आली असं त्यांना वाटलं असावं. सर सरळ खाली सतरंजीवर बसले. चक्क बसले.

"मी भांडायला न्हाई आलो," ते म्हणाले. "तुमी जे लिवला न्हाई, तेवढं सांगा."

तासाभराने ते गृहस्थ बोलले. मापाचा काटा अडकला होता. आज तक्रार लिहिली तर काम थांबेल, उद्या कोणीतरी दुरुस्त करीलच, म्हणून कालचाच आकडा धरला. उद्याचा परवा झाला आणि परवाचा दीड महिना. त्याच दिवसांत एकदा शेजारची टाकी भरली म्हणून धुण्याचं कडक रसायन या दुसऱ्या टाकीत सोडलं होतं. तेही वहीत नाही. म्हणजे या टाकीच्या तळाशी नुसता गाळ नव्हता. काहीतरी वेगळंच बसलं होतं, आणि ते त्या एका म्हाताऱ्याखेरीज जगात कुणालाच माहीत नव्हतं. परतताना सर गाडीच्या दारात उभे होते. मी त्या माणसाला नावं ठेवायला लागले, तर म्हणाले, "खोटं न्हाई लिवला त्यो. कंटाळा केला. माणूस वैरानं कमी मरतंय अक्का, कंटाळ्यानं जास्त."

एकदा कामावर एकावर एक नव्या समित्या नेमल्या गेल्या. मी वैतागून म्हणाले, "सर, समित्यांचं नुसतं पेव फुटलंय." ते चालता चालता थांबले.

"पेव बघितलीस का कधी?"

आमच्या भागात पूर्वी ज्वारी जमिनीखाली साठवत. अंगणात दोन पुरुष खोल खड्डा, आत कडबा लावलेला, वर तोंडाला दगड. तेच पेव. आमच्या घरी एक होतं म्हणे, माझ्या जन्माआधीच बुजवलेलं. तसं मी सांगितलं.

"त्यात उतरायचं कोण?"

"ठाऊक नाही."

"इचार की घरी."

मी विचारलं नाही. कामून विचारावं, असंच तेव्हा वाटलं.

मग पहिल्या टाकीची ती बैठक. टाकीला लागून पंपाचा एक खड्डा असतो. पंप बसवायला, तुंबला तर मोकळा करायला माणसं त्यात उतरवायची की सगळं यंत्राच्या हाताने करायचं, हे ठरायचं होतं. माणसं उतरली तर घड्याळ लावून, माणशी ठरावीक मिनिटं. ती मिनिटं कशावरून ठरतात? टाकीतून काढलेल्या नमुन्यावरून. आणि नमुना काढला होता वरच्या पाण्यातून, कारण नळी तेवढीच लांब होती. वर आणि खाली असा काय मोठा फरक असणार, असं सगळ्यांचं म्हणणं. यंत्राचा हात करायला वेळ लागतो, माणसं लगेच मिळतात.

"दोरी तळाला टेकली का?" सरांनी विचारलं. कोणी हसलं नाही. मग त्यांनी पेनाला टोपण लावलं आणि पेन खिशात ठेवलं.

संचालक कंटाळून इंग्रजीत म्हणाले, "सूर्यवंशी, तुमचं दीड वर्ष उरलं आहे. आज सही केलीत तर पहिली टाकी तुमच्या देखत रिकामी होईल. नाहीतर नाही."

मी सरांकडे बघत होते. अख्खी नोकरी त्यांनी त्या टाक्यांवर घालवली होती. एक तरी टाकी डोळ्यांनी रिकामी झालेली बघायची, याहून दुसरी इच्छा मी त्यांच्या तोंडून कधी ऐकली नव्हती. त्यांचा चेहरा असा झाला की मला बघवेना.

"मला बी लई वाटतंय साहेब, तसं व्हावं," असं ते म्हणाले. साहेबांसमोर मराठीत, तेही घरच्या मराठीत. आणि सही केली नाही.

लांब नळी तयार होऊन यायच्या आधी ते निवृत्त झाले. शाल, नारळ, भिंतीवरचं घड्याळ, भाषणं. नंतर कुंपणाच्या कडेने त्यांनी त्या हिरवळीला एक फेरी मारली आणि मागे न बघता फाटकाबाहेर गेले. पुढे चार महिन्यांनी नळी तळाला गेली. वर आलं ते शिळ्या पिठल्यासारखं घट्ट होतं आणि त्याच्या मोजमापाने मिनिटांचा सगळा हिशेब उलटला. आधीच्या हिशेबाने माणसं उतरवली असती तर काय झालं असतं, ते त्या दिवशी बैठकीत कोणी मोठ्याने बोललं नाही. यंत्राचा हात करायचं ठरलं. मी फोन केला, "सर, टेकली." "हं," म्हणून त्यांनी फोन ठेवला. पाच मिनिटांनी त्यांचाच फोन. "परत सांग एकदा."

तेव्हापासून रोज सकाळी दहाला त्यांचा फोन ठरलेला. आकडे सांगायला मला बंदी, ते त्यांनाही ठाऊक. दवाखान्यातल्या नातेवाइकाची विचारपूस करावी तसं विचारायचे, "टाकी बरी हाय का?"

"बरी हाय, सर."

"मग बेस."

मग दुसऱ्या टाकीची पाळी आली. आता त्यांच्या खुर्चीत मी होते. नळी सोडली, ती तळाच्या हातभर वर अडकली. दोनदा खेचून पुन्हा सोडली, तिथेच अडकली. कंत्राटदाराची माणसं येऊन बसली होती, वरून रोज विचारणा होत होती, आणि मला खरं सांगायचं तर कंटाळा आला होता. हातभराने काय होतंय? यंत्राचा हात अजून पहिल्या टाकीवरच आहे, खड्ड्यातलं काम थोडंच आहे, माणसं चटकन उतरून चटकन येतील. 'नमुना प्रातिनिधिक आहे' या ओळीखाली मी सही केली. त्या टाकीच्या तळाशी काय पडलं आहे ते सतरंजीवर बसून स्वतःच्या कानांनी ऐकलेली मी.

दुसऱ्या दिवशी दहाला फोन वाजला. मी उचलला नाही. सलग चार दिवस उचलला नाही. पाचव्या दिवशी रजा टाकून गावी गेले.

गावी तरी चैन कुठलं? तुरीच्या राशी चालल्या होत्या, घर माणसांनी भरलेलं. सकाळी अप्पा खळ्यावर उभे होते. माझ्याच तोंडून निघालं, "अप्पा, आपल्या पेवात कोण उतरायचं?"

"गडी उतरायचे की."

"नावं काय त्यांची?"

अप्पांनी माझ्याकडे नवलाने पाहिलं. "नावं कोण ध्येनात ठिवतंय गं, येवढ्या वर्साचं?"

सरांना गाठायचं म्हणून मी तशीच कलबुर्गीला गेले, तिथून हुमनाबाद आणि हुमनाबादहून मन्नाएखेळ्ळी. सरांच्या घरी काकूंनी पाणी दिलं. "बसा वो जरा. ह्ये कुठलं घरात सापडायलेत? वरल्या गल्लीत जेसीबी चाललंय, तिकडं गेलेत. रिटायर झालंय म्हणून पायाला सांगितलंच न्हाई कुणी."

शरणप्पा अप्पा म्हणून गावातले एक बुजुर्ग, त्यांची रस्त्यालगत जुनी जागा. तिथे गाळे बांधायचे म्हणून पाया खणत होते, आणि जेसीबीच्या दाताला एक दगड लागून पेवाचं तोंड उघडलं होतं. भोवती ही गर्दी. आत तांब्याची भांडी दिसतात असं कोणीतरी म्हणालं होतं, आणि दस्तगीर नावाचा मजूर कमरेला दोर बांधून तयार उभा. पण जुनी माणसं म्हणाली, आधी कंदील सोडा. हा आमच्या भागातला रिवाज. पेव उघडलं की पेटता कंदील खाली सोडायचा. आत वाईट हवा असली तर तो विझतो, जळत राहिला तर माणसाने उतरायचं. रॉकेल आता कुठलं मिळायला? जेसीबीतलं डिझेल घालून कंदील पेटवला होता. तो आत सोडलेला आणि छान जळत होता.

"कुछ नहीं होता, अब्बी आता मैं," म्हणत दस्तगीरने पाय आत टाकलाच होता.

"नक्को दस्तगीरभाई. रुको जरा."

गर्दीतून सर पुढे आले. वाळले होते, पण पायांची घाई तीच. मला बघून त्यांनी नुसती मान हलवली. खिशातलं सुतळीचं रीळ काढलं, टोकाला दगड बांधला आणि पेवात सोडला. बोटांतून गाठी मोजत गेले. दगड टेकला. मग कंदिलाची दोरी हातात घेऊन तीही हात-हात मोजली.

"दोन हात कमी हाय," ते म्हणाले.

"साहेब, जळायलाय की चांगला!" कोणीतरी म्हणालं.

सरांनी खांद्यावरचा टॉवेल काढला, पीळ देऊन दोरीच्या टोकाला गाठ मारली आणि कंदील आणखी खाली सोडला. आम्ही सगळे वाकून बघत होतो. पहिल्या हाताला ज्योत बारीक झाली. दुसऱ्या हाताला निळी झाली आणि विझली. खाली नुसता अंधार.

दस्तगीरने पाय वर घेतला आणि कमरेचा दोर सोडायला लागला. त्याला गाठ सुटेना.

शरणप्पा अप्पा काठी टेकत पुढे आले होते, ते तिथेच दगडावर बसले. ऐंशीच्या घरातला माणूस. इतका वेळ "साहेब, साहेब" म्हणत होते. आता त्यांनी एकदम नावाने हाक मारली.

"गौतम, त्या दिशी कंदील मीच सोडलो व्हतो. तुज्या बापाला उतर म्हणून मीच म्हणलो."

"ठावं हाय, अप्पा," सर म्हणाले. "मी हितंच उभा व्हतो."

त्यांनी कंदील वर ओढला, टॉवेल सोडला आणि झटकून खांद्यावर टाकला. मग पेवावर पत्रा टाकायला लावला, त्यावर दगड ठेवायला लावले. आणि ते नेहमीसारखे निघालेच. मी त्यांच्या मागे.

स्टँडपर्यंत चालताना त्यांनी दोनच वाक्यं सांगितली. "सातवीत व्हतो मी. कंदील जळायला व्हता, दोरी दोन हात कमी व्हती." मी इतकी वर्षं ज्या वाक्यावर हसले होते, ते वाक्य, त्यांचे वडील ज्या पेवात गेले, त्या अंगणातून आलं होतं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बस उभी होती, ड्रायव्हर चहाला गेला होता. तिथे मी सांगितलं. सगळं सांगितलं.

सर थांबले. त्यांना असं पूर्ण थांबलेलं मी पहिल्यांदा बघत होते. मी शिव्यांची वाट बघत होते.

"किती कमी?"

"हातभर, सर."

"खड्ड्यात कोण उतरायलेत? नावं काय त्यांची?"

मला एकही नाव ठाऊक नव्हतं. कागदावर 'पाच कामगार' असं होतं. सकाळी अप्पांनी जसं माझ्याकडे पाहिलं होतं, तशीच मी सरांकडे बघत राहिले असेन.

"आदी नावं इचार," ते हळू म्हणाले. "पाचीची. मग सही ठिवायची का खोडायची, तूच बघ."

मी बसमध्ये चढले, खिडकीपाशी बसले आणि तिथूनच फोन लावला. कार्यालयातल्या मुलीला यादी शोधायला वेळ लागला. मी येतानाच्या तिकिटाच्या मागे लिहीत गेले आणि लिहिताना नावं मोठ्याने उच्चारत गेले, खाली सर उभे होते म्हणून. रमेश. अन्वर. बाळू. सुधीर. पाचवा लक्ष्मण. मग मी तिला सांगितलं की काम थांबवा, माझी सही मी मागे घेते आहे, लेखी येऊन देते. फोन ठेवून खाली पाहिलं तर सर तिथे नव्हते.

बस हलली तेव्हा ते दिसले. स्टँडच्या कोपऱ्यात प्रवाशांच्या पाण्याची टाकी आहे. ते तिच्या झाकणावर पेराने टकटक करत होते, कान लावून, डोळे मिटून. पाणी भरून घ्यायला आलेली एक बाई घागर घेऊन वाट बघत थांबली होती. मी हात केला. त्यांचं लक्ष नव्हतं.